एका कल्पित लोकाची वंशावळ

भूः, भुवः, स्वः, महः, जनः, तपः आणि सत्य हीं सात लोकांचीं नांवें संध्येच्या निमित्तानें ज्यांच्या कानांवरून गेलीं आहेत, त्यांस या दृश्य जगापलीकडे आणखी जगें असावींत ही कल्पना नवी वाटणार नाहीं. परंतु असलें एक अवघें विश्व अमेरिकेंतील एका लहानशा गांवीं केवळ खेळासाठीं रचलें गेलें, हें ऐकून मात्र अनेकांस नवल वाटेल. त्या विश्वांतील एका लोकाचें नांव 'ॲस्ट्रल प्लेन', म्हणजे तारामय लोक. तो लोक कल्पित आहे. त्याची वंशावळ मात्र खरी आहे, आणि तिचा एक धागा मुंबईच्या गिरगांवांतून गेलेला आहे.

इ. स. १९७४ सालीं गॅरी गायगॅक्स व डेव्ह आर्नसन या दोघांनीं 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' नांवाचा खेळ प्रसिद्ध केला. गायगॅक्स हा पूर्वीं विमा-व्यवसायांत नोकरी केलेला गृहस्थ विस्कॉन्सिन संस्थानांतील लेक जिनीव्हा या गांवीं राहत असे. पहिल्या खेपेस एक हजार प्रती छापल्या होत्या. खेळाची रीत साधी आहे. चारपांच माणसें टेबलाभोंवतीं बसतात. एकजण कथा सांगतो. बाकीचे त्या कथेंतील वीर, मांत्रिक, चोर अशीं सोंगें घेतात. आपण बंद दार फोडतों असें एकानें म्हटलें, कीं फांसा टाकावयाचा. दार फुटलें कीं नाहीं, तें फांशानें ठरवावयाचें.

या कथांत ग्रीकांचा झ्यूस आला, उत्तरेकडील ओडिन आला, ख्रिस्ती नरकांतील सैतान आले, आणि इ. स. १९७६ च्या एका पुरवणीपासून इंद्रादि हिंदु देवहि आले. एवढ्या देवदानवांस ठेवावयाचें कोठें? हा प्रश्न गायगॅक्सनें १९७७ च्या जुलैंत 'द ड्रॅगन' मासिकांतील एका लेखांत सोडविला, आणि पुढील वर्षीं तीच रचना खेळाच्या नियमग्रंथांत घातली. मध्यें माणसांचें भौतिक जग. त्याच्या निकट अग्नि, जल, वायु व पृथ्वी या तत्त्वांचे लोक. आणि बाहेर देवदानवांचे सोळा लोक. हे सोळा लोक सुव्यवस्था व स्वैरता, सुष्टता व दुष्टता या दोन कसोट्यांवर चक्राकार मांडलेले होते. भौतिक जगांतून या बाहेरच्या लोकांकडे जावयाचें, तर वाटेंत ॲस्ट्रल लोक ओलांडावा लागे.

हा लोक म्हणजे अथांग पोकळी आहे. तेथें तहान नाहीं, भूक नाहीं, वार्धक्य नाहीं. तेथें पायांनीं चालावयाचें नसतें, मनानें जावयाचें असतें. ज्याची बुद्धि तीव्र, त्याची गति अधिक. मंत्रबळानें तेथें जाणाऱ्या प्रवाशाचें शरीर मागें पडून राहतें, व एक रुपेरी दोरी त्याला त्या शरीराशीं जोडून ठेवते. ती तुटली कीं मरण. ही दोरीहि खेळकर्त्यांची निर्मिति नव्हे. यहुद्यांच्या धर्मग्रंथांतील 'उपदेशक' या भागांत मृत्यूचें वर्णन करतांना रुपेरी दोर तुटण्याची उपमा आली आहे.

'ॲस्ट्रल' हा शब्द तर याहून बराच फिरलेला आहे. मूळ लॅटिन 'ॲस्ट्रम', म्हणजे तारा. सोळाव्या शतकांत पॅरासेल्सस या वैद्यानें माणसास तारामय देह असतो असें प्रतिपादिलें. एकोणिसाव्या शतकांत फ्रान्समध्यें एलिफास लेव्हीनें तारामय तेजाची कल्पना मांडली. पुढें इ. स. १८७५ सालीं न्यू यॉर्कमध्यें थिऑसॉफिकल सोसायटी स्थापन झाली, आणि १८७९ च्या फेब्रुवारींत तिचे संस्थापक मादाम ब्लाव्हाट्स्की व कर्नल ऑल्कॉट मुंबईस उतरले. गिरगांवांत त्यांनीं बिऱ्हाड केलें. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत 'द थिऑसॉफिस्ट' मासिकाचा पहिला अंक मुंबईंतून निघाला. इ. स. १८८२ च्या अखेरीस मंडळी मद्रासजवळ अड्यार येथें गेली. या पंथाच्या ग्रंथांत पाश्चात्य गूढविद्येची आपल्या सप्तलोकांशीं सांगड घातली गेली, आणि भुवर्लोक व ॲस्ट्रल लोक जवळजवळ एकच मानले गेले. इ. स. १८९५ सालीं लेडबीटरनें 'द ॲस्ट्रल प्लेन' हें पुस्तकच लिहिलें. अशा वाङ्मयानें रूढ केलेला शब्द कथामासिकांत व चित्रकथांत उतरला. खेळकर्त्यांस तो तयारच मिळाला.

उसनें घेण्यांत दोष नाहीं. सगळींच पुराणें एकमेकांपासून घेत आलीं आहेत. परंतु घेतांना अर्थ कोठें सांडतो, हें पाहिलें पाहिजे. त्या सोळा लोकांपैकीं निखळ सुव्यवस्थेच्या लोकाला 'निर्वाण' असें नांव दिलें होतें. निर्वाण म्हणजे दिवा मालवावा तसें तृष्णेचें मालवणें. तें स्थळ नव्हे. इ. स. १९८७ च्या ग्रंथांत मात्र त्या निर्वाणलोकांत एकमेकांत अडकून फिरणारीं प्रचंड दांतेरी चाकें दाखविलीं गेलीं! हा दोष एकट्या खेळकर्त्यांचा नव्हे. थिऑसॉफीच्या ग्रंथकारांनींहि लोकांच्या शिडीवरील एका पायरीस निर्वाणाचें नांव आधींच दिलें होतें. इ. स. १९९४ सालीं खेळकर्त्यांनीं तें नांव काढून 'मेकॅनस' असें यंत्रसूचक नांव ठेवलें. चाकें राहिलीं, बुद्धाचा शब्द सुटला. तें योग्यच झालें.

याच खेळाच्या पुढील ग्रंथांत ॲस्ट्रल लोकासंबंधीं एक विलक्षण कल्पना आली. ज्या देवांचे भक्त उरले नाहींत, ते देव मरतात, आणि त्यांचीं प्रचंड शरीरें पाषाण होऊन त्या पोकळींत तरंगत राहतात. गिथयांकी नांवाच्या योद्ध्यांनीं तर असल्या एका मृत देवाच्या देहावर आपलें नगर वसविलें आहे. वर राहणारांस खालचा देव कोण होता, याचें सोयरसुतक नाहीं.

मनोरंजनासाठीं रचलेल्या या कथेंत त्या विश्वाचाच इतिहास नकळत सांगितला गेला आहे. कोणाची श्रद्धा, कोणाची उपमा, कोणाचें दर्शन, यांच्या देहांवर तें नगर उभें आहे. मुलांनीं तेथें खुशाल खेळावें. परंतु पायाखालच्या शिळेचें नांव सांगणारें कोणीतरी घरांत असावें. आपल्याकडील अहल्येची शिळा स्पर्शानें जागी झाली. शब्दांच्या शिळा स्मरणानें जाग्या होतात.