चार अक्षरांची पदवी

विजेच्या इंजिनिअरांनी जगात पहिली संस्था काढली तेव्हा घरोघरी विजेचे दिवे यायला बराच अवकाश होता. विजेचं काम म्हणजे तारायंत्राचं काम. १७ मे १८७१ रोजी लंडनमध्ये आठ जण जमले आणि 'सोसायटी ऑफ टेलिग्राफ इंजिनिअर्स' निघाली. पहिले अध्यक्ष विल्यम सीमेन्स. लंडन ते कलकत्ता ही तार सीमेन्स बंधूंनी आदल्याच वर्षी पुरी केली होती. पुढे डायनामो आले, दिवे आले, तारवाल्यांचा तोरा उतरला आणि १८८८मध्ये पाटी बदलली: 'इन्स्टिट्यूशन ऑफ इलेक्ट्रिकल इंजिनिअर्स'.

आपल्याकडे १९२०मध्ये नोंदलेल्या 'इन्स्टिट्यूशन ऑफ इंजिनिअर्स'ने पूल बांधणारे आणि वीज खेळवणारे एकाच छपराखाली घेतले. तिची व्याख्यानं, अधिवेशनं मोठ्या शहरांत. कोकणात ती ओळखीची झाली ती १९२८पासून घेतल्या जाणाऱ्या परीक्षेमुळे. ए.एम.आय.ई. नावाला सभासदत्वाची परीक्षा. पण सरकारी नोकरीत तिला पदवीचा मान होता, म्हणून खरी किंमत.

रत्नागिरी जिल्ह्याला तिची गरज का पडली, ते पोफळीत गेल्यावर कळतं. १९६२मध्ये कोयनेचं पाणी बोगद्यातून सह्याद्रीच्या पश्चिमेला उतरलं आणि डोंगराच्या पोटातल्या वीजगृहात जनित्रं फिरू लागली. पहिले दोन टप्पे मिळून ६०० मेगावॅट. एवढी वीज जिल्ह्यात तयार होई, पण विजेची पदवी घ्यायची तर घाट चढा नाहीतर मुंबई गाठा. डिप्लोमा करून वीज बोर्डात चिकटलेल्याला दोन्ही अशक्य. घरी पैसे पाठवायचे असत. त्याच्यासाठी ही बाहेरून द्यायची परीक्षा: आधी 'सेक्शन ए', मग 'सेक्शन बी'. रात्रपाळीत तासातासाला लॉगशीट भरायची, मधल्या वेळात ट्रान्सफॉर्मरची गणितं. विषय सुटत, राहत, पुन्हा फी भरली जाई. चिकाटीचा कस पाहणारी अशी दुसरी परीक्षा माझ्या तरी माहितीत नाही. पास झालेला माणूस दारावरच्या पाटीत ती चार अक्षरं रंगवून घेई, आणि ते त्याला शोभेच.

१९९६मध्ये रत्नागिरीतच फिनोलेक्स अकादमी हे इंजिनिअरिंग कॉलेज निघालं. डिप्लोमावाल्यांना 'डायरेक्ट सेकंड इयर'ची वाट होतीच. पुढे केंद्र सरकारने ३१ मे २०१३पर्यंत नाव नोंदवलेल्यांपुरतीच ए.एम.आय.ई.ची पदवीशी बरोबरी मान्य ठेवली.