गीतांजली राव : चौकटीगणिक चित्रपट

स्वतंत्रपणे अ‍ॅनिमेशनपट करणाऱ्या दिग्दर्शिका म्हणून गीतांजली राव यांचे नाव देशाबाहेरही परिचित आहे. मुंबईच्या सर जे. जे. उपयोजित कला संस्थेतून १९९४ मध्ये पदवी घेतल्यानंतर त्यांनी राम मोहन यांच्या स्टुडिओत अ‍ॅनिमेशनचे तंत्र आत्मसात केले. रंगभूमीवर अभिनयही केला.

‘प्रिंटेड रेनबो’ (२००६) हा १५ मिनिटांचा लघुपट त्यांनी जवळजवळ एकटीने घडविला. एकाकी वृद्धा, तिची मांजर आणि काडेपेट्यांवरील चित्रे एवढाच त्याचा ऐवज. वृद्धेचे घर करड्या रंगात. काडेपेटी उघडली की मात्र रंगांचे जग. अशा चित्रपटात छायालेखकाला टिपण्यासाठी समोर काहीच नसते. प्रकाश कोठून यावा, दृश्य किती जवळून दिसावे, हे सारे रंगवूनच ठरवावे लागते. दिग्दर्शन, छायालेखन आणि अ‍ॅनिमेशन यांच्या सीमा येथे पुसट होतात. कान महोत्सवातील ‘समीक्षक सप्ताहा’त या लघुपटाला तीन पुरस्कार मिळाले.

पूर्ण लांबीच्या ‘बॉम्बे रोज’साठी (२०१९) मात्र एका हाताचे बळ अपुरे होते. मुंबईच्या रस्त्यावर फुले विकणारी कमला आणि काश्मीरहून आलेला सलीम यांच्या या कथेच्या चौकटी सुमारे ६० कलावंतांनी दीड वर्ष खपून रंगविल्या. लेखन, संकलन आणि दिग्दर्शन राव यांनी स्वतःकडेच ठेवले. व्हेनिसमधील समीक्षक सप्ताहाचा शुभारंभ याच चित्रपटाने झाला; नेटफ्लिक्सवर तो मार्च २०२१ मध्ये आला.

‘ऑक्टोबर’ (२०१८) या हिंदी चित्रपटात नायिकेच्या आईची भूमिका करणाऱ्या अभिनेत्री त्याच, हे पुष्कळांच्या लक्षात येत नाही.