बसची लेन मध्ये, मग उजवीकडे वळायचं कुठून? एका नियमाचा इतिहास

पीएच.डी. प्रवेशाच्या मुलाखतीत मला एका सरांनी विचारलं होतं, "विषय रस्त्याचा आणि वाहतुकीचा, मग इतिहास विभागात काय करताय?" त्या दिवशी मी काहीतरी थातुरमातुर बोलले. नीट उत्तर आज देते, कारण तुमच्यापैकी अनेकजण सध्या पेटची तयारी करताय आणि "माझा विषय फार छोटा आहे का?" ही भीती सगळ्यांनाच असते. आजचा विषय तर अगदीच छोटा आहे. रस्त्याच्या मधोमध बससाठी राखीव लेन असेल तर तिच्यावरून उजवीकडे कसं वळायचं?

हा प्रश्न मला ग्रंथालयात नाही, मामाच्या स्कूटरवर मागे बसले असताना भेटला.

मामा परभणीचा. गाडी शिकला वसमत रोडवर, लायसन्स काढलं परभणीतच. काही वर्षांपूर्वी तो माझ्याकडे एका मोठ्या शहरात आला होता. शहराचं नाव इथे महत्त्वाचं नाही. आम्हाला एका चौकात उजवीकडे वळायचं होतं. मामाने इंडिकेटर दिला, हात दाखवला आणि सवयीने गाडी रस्त्याच्या मध्याकडे घेतली. ती बसची लेन होती. मागून हॉर्न आला, बसने करकचून ब्रेक मारला, मामा दचकला आणि आम्ही दोघं आडवे झालो. बस लागली नाही, पण मामाचं मनगट मोडलं. चौकातला हवालदार म्हणाला, "लेन दिसत नाही का?" मामा म्हणाला, "साहेब, उजवीकडं वळायचं तर मधी यावंच लागतंय की. म्या नियमानंच आलो." लोक हसले. आणि खरं सांगायचं तर मीही चिडून त्याला म्हणाले, "मामा, हे परभणी नाही."

त्यानंतर काही महिन्यांनी १९३९ चा मोटार वाहन कायदा वाचायला घेतला, तेव्हा मला माझ्या त्या वाक्याची लाज वाटली.

कायदा काय म्हणत होता?

१९३९ चा मोटार वाहन कायदा १ जुलै १९३९ ला लागू झाला. त्याच्या शेवटी दहावी अनुसूची आहे, त्यात गाडी चालवण्याचे नियम दिलेत. उजव्या वळणाचा नियम माझ्या शब्दांत असा: आपण ज्या रस्त्याने चाललोय त्याच्या मध्याच्या शक्य तितकं जवळ या. दोन्ही रस्त्यांच्या मध्यरेषा जिथे एकमेकींना छेदतात तो बिंदू आपल्या उजव्या हाताला ठेवून त्याच्या पलीकडून वळा, आणि नव्या रस्त्याच्या डाव्या कडेला लागा.

यामागचा हिशेब समजून घ्या. आपल्याकडे गाड्या डावीकडून चालतात. वळणारा मध्यावर येऊन थांबला की मागचे लोक त्याच्या डावीकडून निघून जाऊ शकतात, आणि त्याच अनुसूचीत तशी परवानगीही आहे. एरवी ओव्हरटेक उजवीकडूनच करायचा, पण उजवीकडे वळणाऱ्याच्या डावीकडून गेलं तर चालतं. म्हणजे वळणाऱ्याने फक्त समोरून येणाऱ्यांवर लक्ष ठेवायचं. त्याच्या उजव्या हाताला, त्याच्याच दिशेने जाणारं कुणी नसतं. सगळा नियम या एका गृहीतकावर उभा आहे आणि ते गृहीतक नियमात कुठेही लिहिलेलं नाही.

हा कायदा आधी ब्रिटिश हिंदुस्थानापुरता होता. परभणी तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात. स्वातंत्र्यानंतर केंद्राचे अनेक कायदे १९५१ मध्ये जुन्या संस्थानांच्या भागात लागू झाले, त्यात हाही होता. पुढे १९८८ चा नवा कायदा आला. तो लागू झाला १ जुलै १९८९ ला, जुन्या कायद्याला बरोबर ५० वर्षं झाली त्या दिवशी. त्याच्या जोडीला रस्त्याचे नियम १९८९ मध्ये वेगळे काढले गेले. उजव्या वळणाची भाषा? जवळपास तीच. "रस्त्याच्या मध्याच्या शक्य तितकं जवळ."

मामा शिकला तो हा नियम. चुकीचा शिकला नव्हता.

ट्राम आठवली, बस विसरली

आता एक गंमत. रस्त्याच्या मध्ये दुसरं कुणी चालू शकतं हे १९३९ च्या कायद्याला माहीत नव्हतं असं नाही. मुंबईत १८७४ पासून घोड्यांची आणि १९०७ पासून विजेची ट्राम होती. म्हणून अनुसूचीत ट्रामसाठी खास सवलत आहे: रुळावरच्या गाडीला कुठल्याही बाजूने ओलांडा, पण कुणाला धोका किंवा त्रास होईल अशा वेळी आणि अशा रीतीने नाही. मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ ला धावली. तरी १९८९ च्या नियमांत ट्रामचं कलम जसंच्या तसं आलं, ट्राममध्ये चढणाऱ्या-उतरणाऱ्यांच्या उल्लेखासह. तेव्हा ट्राम उरली होती फक्त कलकत्त्यात.

आणि राखीव बस लेन? १९८९ च्या नियमांत तिचा शब्दही नाही. लेनबद्दल सर्वसाधारण नियम आहे: रस्त्यावर लेन आखल्या असतील तर आपल्या लेनमध्ये राहा, लेन बदलताना इशारा द्या. आता हे दोन नियम शेजारी ठेवा. एक म्हणतो मध्यावर या, दुसरा म्हणतो लेन सोडू नका. रस्त्याचा मध्य मोकळा असतो तोवर दोघांचं भांडण होत नाही. तिथे बस आणून सोडली की होतं.

संशोधकासाठी यात एक धडा आहे. कायद्यात जे लिहिलंय ते साधन असतंच, पण कायद्याला जे सुचलं नाही तेही साधन असतं. फक्त "कायदा आंधळा होता" असं म्हणून मोकळं होऊ नका. त्याला काय दिसत होतं (ट्राम) आणि काय दिसत नव्हतं (बस लेन), हे तारखांसह दाखवा.

बस मध्ये का गेली?

आधी कुरितिबा, ब्राझील. तिथे १९७४ मध्ये राखीव मार्गावरच्या बस सुरू झाल्या. मग डिसेंबर २००० मध्ये कोलंबियातल्या बोगोताचं ट्रान्समिलेनिओ आलं आणि जगभरच्या महापालिकांना ते मॉडेल आवडलं. डिसेंबर २००५ मध्ये केंद्राचं जवाहरलाल नेहरू राष्ट्रीय नागरी पुनरुत्थान अभियान सुरू झालं आणि पैशाची वाट मोकळी झाली. पुण्यात डिसेंबर २००६ मध्ये कात्रज–स्वारगेट–हडपसर असा प्रायोगिक बीआरटी मार्ग सुरू झाला. पुढे २००७ मध्ये पुणे आणि पिंपरी-चिंचवडच्या दोन बससेवा एकत्र होऊन पीएमपीएमएल झाली, २००८ मध्ये दिल्लीत आंबेडकर नगर–मूलचंद मार्ग आला, २००९ मध्ये अहमदाबादचं जनमार्ग, २०१५ मध्ये पुणे–पिंपरी-चिंचवडची रेनबो.

बस कडेला का नाही ठेवली? आपल्या कुठल्याही बाजारपेठेतला रस्ता डोळ्यासमोर आणा. कडेला रिक्षा, उभ्या मोटारसायकली, हातगाडे, दुकानात माल उतरवणारा टेम्पो, गल्लीतून तोंड काढणारी गाडी. तिथे लेन राखीव आहे असं कितीही रंगवलं तरी ती राखीव राहत नाही. मध्य मात्र स्वच्छ असतो. म्हणून बस मध्ये गेली. त्याची किंमत दोघांनी मोजली: बस पकडायला अर्धा रस्ता ओलांडणाऱ्या माणसाने, आणि उजवीकडे वळणाऱ्याने. पुण्यातल्या पहिल्या मार्गावर पादचाऱ्यांच्या अपघातांवरून मोठा वाद झाला. तो गाजला, त्यावर लिहिलंही गेलं. उजवं वळण त्यामानाने मागे पडलं.

वळणाऱ्याची अडचण अशी. आता त्याच्या उजव्या हाताला, त्याच्याच दिशेने, सरळ जाणारी बस आहे. ती समोरून येत नाही, मागून येते. त्याची नजर समोरच्या गाड्यांवर, कारण पन्नास वर्षं नियमाने त्याला तेच शिकवलं. तो वळतो तेव्हा बसला आडवा जातो.

तीन उपाय, तिन्हींची किंमत

पहिला उपाय सिग्नलचा. बस सरळ जाताना उजवा बाण लाल, उजवा बाण हिरवा तेव्हा बसला लाल. सर्वांत सुरक्षित, पण सिग्नलचा एक टप्पा वाढतो आणि सगळ्यांचंच थांबणं लांबतं. दिल्लीच्या मार्गावर मोटारवाल्यांची मोठी तक्रार याच थांबण्याची होती. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, २०१२ मध्ये न्यायालयाने मार्ग बंद करायला नकार दिला, आणि तरी २०१६ मध्ये तो उखडला गेला.

दुसरा उपाय, चौकात उजवं वळण बंद. सरळ पुढे जा, यू-टर्न घ्या, परत येऊन डावीकडे वळा. चौक सुटसुटीत होतो, पण तो यू-टर्नसुद्धा बस लेन ओलांडूनच घ्यायचा असतो. म्हणजे भांडण मिटलं नाही, दोनशे पावलं पुढे सरकलं.

तिसरा उपाय कुरितिबाचा. बसच्या मुख्य रस्त्याला समांतर, एकेरी वाहतुकीचे मोठे रस्ते. ज्याला आडवं जायचंय त्याने आधीच दुसऱ्या रस्त्याने वळसा घ्यायचा. हे जमायला शहराची आखणीच तशी लागते. आपल्या पेठांमध्ये समांतर रस्ता आणायचा कुठून?

इथे माझी एक चूक सांगते, तुम्ही करू नका. बोगोता-कुरितिबावरचे लेख वाचताना मी "उजवं वळण" शोधत बसले आणि दोन आठवडे माझ्या वहीत लिहिलेलं होतं की तिकडे उजव्या वळणाचा त्रासच नाही. नसणारच! तिकडे गाड्या उजवीकडून चालतात. आपलं उजवं वळण म्हणजे त्यांचं डावं. दुसऱ्या देशाचं साहित्य वाचताना शब्द नाही, स्थिती जुळवा. आधी कागदावर चौक काढा, बाण काढा, मग वाचा.

मग नियम आज आहे कुठे?

पुस्तकात कमी आणि रस्त्यावर जास्त. १९८८ च्या कायद्याचं कलम ११५ ठराविक रस्त्यावर ठराविक वाहनांना मनाई करायचा अधिकार देतं, कलम ११६ वाहतुकीच्या पाट्या-खुणा लावायचा, आणि कलम ११९ त्या पाळायची सक्ती करतं. २०१७ मध्ये १९८९ चे नियम जाऊन नवे विनियम आले, लेनची भाषा जास्त सविस्तर झाली. पण एखाद्या चौकात बस लेनवरून उजवीकडे कसं वळायचं हे शेवटी ठरतं तिथल्या पाटीवर, रंगाच्या पट्ट्यावर आणि सिग्नलच्या बाणावर. गाडी चालवणाऱ्यासाठी सार एवढंच: बस लेनमध्ये शिरून थांबू नका, तिच्या डावीकडच्या लेनमध्ये थांबण्याच्या रेषेमागे उभे राहा, उजवा बाण हिरवा झाल्याशिवाय हलू नका, आणि बाण असला तरी उजव्या आरशात मागे बघा.

संशोधनासाठी सार वेगळं आहे. पाटी गंजते, पट्टा पुसतो, बाण बंद पडतो. पुण्यात नगर रस्त्यावरचा बीआरटी मार्ग अलीकडे बऱ्याच ठिकाणी काढलाही गेला. म्हणजे नियम जिथे लिहिला होता ते साधनच नाहीसं झालं. कायद्याचं पुस्तक शंभर वर्षं टिकेल, रस्त्यावरचा नियम दहा वर्षंही टिकत नाही. म्हणून मी आता फोटो, निविदांमधले नकाशे, वर्तमानपत्रांतली चित्रं आणि त्या रस्त्यावर रोज गाडी चालवलेल्या लोकांच्या मुलाखती गोळा करते.

आणि परभणी?

परभणीत बस लेन नाही. एसटी आहे, ती सगळ्यांसोबतच चालते. पण वसमत रोडवर उभं राहून बघा. दुभाजक आला की रस्त्याचा "मध्य" म्हणजे सिमेंटची भिंत. उजवीकडे वळायला फट शोधायची, फटीपाशी आडवं उभं राहायचं, आणि उसाची ट्रॉली ओढणारा ट्रॅक्टर असेल तर त्याचं शेपूट मागच्या लेनमध्ये. कुणी उलट्या दिशेने फटीपर्यंत येतो. आपण म्हणतो लोकांना शिस्त नाही. काहींना नसतेच. पण आधी विचारा: या माणसाला कुठला नियम शिकवला होता, आणि तो शिकवला तेव्हा रस्ता कसा होता?

मुलाखतीतल्या सरांना माझं उत्तर हेच आहे. नियमाचे शब्द तेच राहिले, खालचा रस्ता बदलला, आणि नियम पाळणारा माणूस एका सकाळी गुन्हेगार ठरला. हे कधी आणि कसं झालं ते शोधणं इतिहासाचंच काम आहे.

दिवाळीत घरी गेले तेव्हा मामाला १९३९ चा तो नियम मराठीत करून वाचून दाखवला आणि त्या दिवशीच्या बोलण्याबद्दल माफी मागितली. मनगट अजून थंडीत दुखतं. ऐकून म्हणाला, "मंग त्यांनी बदललं तवा आमाला सांगायचं कुणी?"

याचं उत्तर माझ्याकडे नाही, माझ्या प्रबंधाचं तिसरं प्रकरण तेवढं आहे. तुमच्यासाठी गृहपाठ: आपल्या गावचा एक चौक निवडा, त्याचा आजचा नकाशा हाताने काढा, आणि घरातल्या सर्वांत वयस्कर गाडीचालकाला विचारा की तो पूर्वी तिथे उजवीकडे कसा वळायचा. जे सांगेल ते त्याच्याच शब्दांत, तारखेसह लिहून ठेवा.