स्ट्रोले, दानियेल

(१७००–१७४६). स्वीडिश ऑर्गनकार व क्लॅव्हिकॉर्डकार. स्वीडनबाहेर त्याचे नाव टिकले ते त्याने बांधलेल्या वाद्यांपेक्षा १७४३ साली छापून आलेल्या एका आकृतीमुळे. सप्तकातले बारा स्वर जवळजवळ सारख्या अंतरावर बसवायचे, तर कोणत्या स्वराला तारेची लांबी किती धरावी हे ती आकृती केवळ मोजपट्टी आणि कंपास वापरून दाखवते. इंग्रजी ग्रंथांत त्याची नोंद ‘स्ट्रेले’ या रूपाखालीही सापडते. हा बहुधा १८व्या शतकातल्या जर्मन छपाईचा दोष असावा.

स्टॉकहोमचा नामांकित ऑर्गनकार युहान निक्लास कामान याच्या हाताखाली स्ट्रोले कारागीर होता. कामान १७३७ मध्ये वारला आणि चार वर्षांनी, १७४१ मध्ये, त्याची ऑर्गन बांधण्याची सनद स्ट्रोलेला मिळाली. त्या काळी स्वीडनमध्ये प्रत्येक प्रकारच्या वाद्यासाठी मोजक्याच कारागिरांना अशी सनद दिली जाई. वाद्ये बांधणे, दुरुस्त करणे, शिकाऊ कारागीर तयार करणे व त्यांची परीक्षा घेणे हे सारे हक्क तिच्यात येत, आणि कामाच्या दर्जाची हमीही तिच्यातच असे. स्ट्रोलेचे काम मुख्यतः मध्य स्वीडनमध्ये चालले. त्याचा पुतण्या पेटर स्ट्रोले आणि युनास ग्रेन हे दोघे त्याचे शागीर्द. पुढे या दोघांनी भागीदारीत चालवलेला ‘ग्रेन आणि स्ट्रोले’ हा स्टॉकहोमचा कारखाना गुरूपेक्षा अधिक गाजला. सनद हाती आल्यावर स्ट्रोलेला जेमतेम पाच वर्षे मिळाली. उत्तर उपलांडमधल्या लोव्स्ताब्रुक या लोखंडाच्या कारखान्याच्या गावी १७४६ मध्ये तो वारला. कामानने १७२८ मध्ये पूर्ण केलेला प्रसिद्ध ऑर्गन याच गावच्या चर्चमध्ये आहे.

स्ट्रोम्सहोल्म राजवाड्याच्या प्रार्थनागृहातला त्याचा १७४३ चा ऑर्गन मूळ अवस्थेत टिकून आहे. त्याची सही असलेले १७३८ चे एक क्लॅव्हिकॉर्ड स्टॉकहोमच्या पूर्वीच्या संगीत संग्रहालयाच्या संग्रहात आहे. त्यातल्या तारांच्या लांबीचे प्रमाण आणि बांधणी, दोन्ही नेहमीपेक्षा वेगळी आहेत. ऑर्गन बांधणाऱ्याने क्लॅव्हिकॉर्डही करावे यात तेव्हा नवल नव्हते. चर्चमधला ऑर्गन वाजवायला भाता मारणारा माणूस लागे, आणि स्वीडनच्या हिवाळ्यात चर्च गारठलेले असे. म्हणून ऑर्गनवादक घरी क्लॅव्हिकॉर्डवर रियाज करत. या वाद्याची पट्टी दाबली की तिच्या मागच्या टोकावरचे पितळी पाते तारेवर आदळते आणि बोट उचलेपर्यंत तिथेच टेकून राहते. आवाज इतका मंद की शेजारच्या खोलीतल्या माणसाची झोप मोडत नाही.

अशा वाद्याचा मेळ लावताना एक जुनी अडचण येते. बारा शुद्ध पंचम एकावर एक चढवत गेले की सात सप्तके पुरी व्हायला हवीत, पण हिशेब जुळत नाही: बारा पंचमांचा गुणाकार १२९.७५ येतो, सात सप्तकांचा १२८. हा वाढावा स्वरांमध्ये कुठेतरी मुरवावाच लागतो. तो सर्व पंचमांत सारखा वाटला की प्रत्येक अर्धस्वराचे गुणोत्तर दोनच्या बाराव्या मुळाएवढे, म्हणजे १.०५९४६ होते. आजच्या हार्मोनियमचा मेळ साधारण याच पद्धतीचा असतो, त्यामुळे मराठी श्रोत्याच्या कानाला ती ओळखीची आहे, मनाला पटलेली असो वा नसो. पण कारागिराला बारावे मूळ काय उपयोगाचे? त्याला तारेवर खूण कुठे करायची ते हवे असते. त्यातच या मुळात दोनचे घनमूळ दडलेले आहे, आणि ते मोजपट्टी-कंपासाने नेमके काढता येत नाही. जी काही रीत निघेल ती अंदाजाचीच असणार.

स्ट्रोलेची रीत अशी. कख हा १२ भागांचा पाया घ्यावा आणि त्याचे सारखे भाग पाडावेत. त्यावर गक व गख या प्रत्येकी २४ भागांच्या बाजू धरून त्रिकोण उभारावा. गक या बाजूवर क पासून ७ भागांवर प ही खूण करावी. ख पासून प पर्यंत रेषा ओढून ती तेवढीच पुढे म पर्यंत न्यावी. आता मख ही पूर्ण तार झाली आणि मप ही तिची निम्मी, म्हणजे वरचा षड्ज. शिरोबिंदू ग पासून पायावरच्या अकरा खुणांकडे रेषा ओढल्या की त्या खप ला जिथे छेदतात तिथपर्यंतची म पासूनची अंतरे म्हणजे मधल्या अकरा स्वरांच्या तारा. झाले. यात ना घातांक, ना मुळे. रुळांवर उभे राहून पाहिले की सारख्या अंतरावरचे स्लीपर पुढे पुढे जवळ आल्यासारखे दिसतात. आकृतीचे गणित नेमके तेच आहे, पायावरचे सारखे भाग तिरक्या रेषेवर उतरताना क्रमाने आखडत जातात.

अचूकपणा थक्क करणारा आहे. सप्तकाच्या बरोबर मध्यावरचा तीव्र मध्यम या आकृतीत २९ ला ४१ असा येतो. दोनच्या वर्गमुळाच्या तो अगदी निकटचा अपूर्णांक. हा स्वर तंतोतंत बसावा म्हणून प ही खूण कुठे असायला हवी हे आज बीजगणिताने काढले, तर उत्तर ७.०३ येते. स्ट्रोलेने ७ धरले. एकाही स्वराची चूक सुमारे ०.१५ टक्क्याच्या पुढे जात नाही. विचार करून आणि अनेकदा करून पाहूनच ही रीत सापडली, असे त्याने स्वतः लिहिले आहे. कानाला सर्वांत सौम्य वाटेल असा मेळ त्याला हवा होता.

लेख छापला तो स्वीडिश विज्ञान अकादमीच्या कार्यवृत्तांताच्या चौथ्या खंडात. अकादमी १७३९ मध्ये स्थापन झाली होती आणि वृत्तांत लॅटिनमध्ये नव्हे, स्वीडिशमध्ये निघे. म्हणून सभासद नसलेल्या एका कारागिराचा लेख लिनेअस, पोल्हेम आणि क्लिंगेनस्टिएर्ना या नामवंत सभासदांच्या पंक्तीला बसू शकला. याआधी वाद्यांवर अकादमीने दोनच लेख छापले होते, दोन्ही हौशी वाद्यकार धर्मोपदेशक निल्स ब्रेलिन याचे.

घोटाळा स्ट्रोलेचा लेख आला त्याच खंडात झाला. अकादमीचा चिटणीस याकोब फागोट (१६९९–१७७७) याने लेखाला आपला हिशेब जोडला. आकृतीवरून त्रिकोणमितीने लांबी काढताना त्याने ख पाशी असलेला कोन सुमारे साडेतेहतीस अंशांऐवजी ४० अंश १४ मिनिटे धरला. त्यामुळे काही स्वर १.७ टक्क्यांपर्यंत चुकीचे निघाले, म्हणजे अर्धस्वराच्या चौथ्या हिश्श्याहून जास्त. असा मेळ कोणत्याही वादकाने नाकारलाच असता. जर्मन संगीतशास्त्रज्ञ फ्रीडरिख विल्हेल्म मारपुर्गने १७७६ च्या आपल्या ग्रंथात हेच आकडे उतरवून घेतले. पाहणाऱ्याला कोष्टक दिसले, आकृती नाही. एक स्वच्छ कागद आणि अर्धा तास खर्च करून ती पुन्हा काढली असती, तरी कोष्टकाचे पितळ उघडे पडले असते. ही चूक १७७९ मध्ये क्रिस्टलीब बेनेडिक्ट फुंक याने दाखवून दिली आणि १८०० च्या सुमाराच्या काही जर्मन पुस्तकांत तसा उल्लेखही आला. तरी रीत मात्र अडगळीतच राहिली.

तिला बाहेर काढले ते अमेरिकन संगीतशास्त्रज्ञ जे. मरे बार्बर याने. १९५७ मध्ये ‘अमेरिकन मॅथेमॅटिकल मंथली’त त्याने फागोटचा चुकलेला कोन नेमका दाखवला आणि स्ट्रोलेची रीत इतर संख्यांची मुळे काढायलाही कशी वापरता येते ते मांडले. त्यानंतर गणितज्ञ आयझॅक शोनबर्ग आणि इयन स्ट्यूअर्ट यांच्या लेखनामुळे ती गिटारचे पडदे बसवण्याची रीत म्हणून प्रसिद्ध झाली.

न शिकलेल्या कारागिराने विद्वानांवर केलेली मात असे तिचे कौतुक होते. ते थोडे बेताने घ्यावे. आब्राहाम आब्राहामसन हुल्फर्सने १७७३ च्या आपल्या संगीत व वाद्यविषयक ग्रंथात नोंदवले आहे, की स्ट्रोले यंत्रविद्या शिकला ती क्रिस्टोफर पोल्हेमकडे. पोल्हेम हा त्या काळातला स्वीडनचा सर्वांत मोठा यंत्रज्ञ आणि अकादमीच्या संस्थापक सभासदांपैकी एक. त्याच्याकडे शिकलेल्या माणसाला भूमिती अनोळखी असणे कठीण आहे. विद्यापीठाचा शिक्का स्ट्रोलेवर नव्हता, एवढेच काय ते खरे.