पद आणि वचन : कोंडा लक्ष्मण बापूजी

पैनगंगेच्या दक्षिणेस, महाराष्ट्राच्या सीमेला लागून बेला हे गाव आहे. कापसाच्या या मुलखात मराठी, तेलुगू, गोंडी आणि कोलामी या भाषा पिढ्यान्‌पिढ्या शेजारीशेजारी नांदत आल्या. 1956 साली भाषावार राज्ये झाली, तेव्हा जुन्या आदिलाबाद जिल्ह्यातून किनवट व राजुरा हे भाग मुंबई राज्यात गेले. बेला मात्र आंध्र प्रदेशात राहिले. याच जिल्ह्याच्या पूर्वेकडे, राजुऱ्याला लागून वांकिडी नावाचे गाव आहे. तेथे 27 सप्टेंबर 1915 रोजी कोंडा लक्ष्मण यांचा जन्म झाला. पुढे लोक त्यांना आदराने ‘बापूजी’ म्हणू लागले.

पद्मशाली विणकरांच्या समाजातील हा मुलगा हैदराबादेस वकील झाला. निजामी राजवटीत सभा भरविणे किंवा वर्तमानपत्र चालविणे हेही सरकारच्या मर्जीवर अवलंबून असे. अशा काळी नागरी हक्कांच्या चळवळीत आणि 1942 च्या ‘चले जाव’ आंदोलनात त्यांनी भाग घेतला. वकिली हे त्यांच्या हाती लोकसेवेचेच साधन झाले. जमीनदारांशी झगडणाऱ्या गरीब कुळांची बाजू त्यांनी न्यायालयात मांडली. विणकरांना सावकाराच्या पाशातून सोडविण्यासाठी त्यांनी सहकारी संस्थांचा मार्ग धरला.

त्यांच्या चरित्रातील एक प्रकरण मात्र विचारी मनुष्याला थबकावयास लावते. 4 डिसेंबर 1947 रोजी नारायणराव पवार या तरुणाने निजाम मीर उस्मान अली खान यांच्या मोटारीवर बाँब टाकला. निजाम बचावले. या कटात लक्ष्मण यांचेही नाव आले आणि त्यांना भूमिगत व्हावे लागले. रझाकारांच्या अत्याचारांनी प्रजा त्रस्त झाली होती, हे खरे. तरीही राज्यकर्त्याच्या प्राणावर उठणे हा न्यायाचा मार्ग नव्हे, असे म्हणणे भाग आहे. त्यांच्या पुढील आयुष्याचा मोठा भाग सभागृहात आणि सत्याग्रहात गेला, हे ध्यानात घेऊनच या प्रकरणाकडे पाहावे लागते.

सप्टेंबर 1948 मध्ये हैदराबाद संस्थान भारतात विलीन झाले. 1952 च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत लक्ष्मण आसिफाबादहून काँग्रेसतर्फे हैदराबादच्या विधानसभेवर निवडून आले. तेलंगण, मराठवाडा आणि कन्नड प्रदेश या तिन्ही भागांचे प्रतिनिधी त्या सभागृहात एकत्र बसत. 1956 मध्ये तेलंगण आंध्राशी जोडले गेले. 1957 ते 1960 या काळात लक्ष्मण आंध्र प्रदेश विधानसभेचे उपाध्यक्ष होते. त्यानंतर ते मंत्री झाले.

विलीनीकरणापूर्वी, 20 फेब्रुवारी 1956 रोजी, दोन्ही बाजूंच्या पुढाऱ्यांत एक करार झाला होता. तेलंगणचा शिल्लक महसूल तेलंगणातच खर्च व्हावा, तेथील नोकऱ्यांत स्थानिकांचा हक्क राखला जावा, अशी अभिवचने त्यात होती. ती पाळली जात नाहीत, या भावनेतून 1969 च्या प्रारंभी विद्यार्थी रस्त्यावर आले. गोळीबार झाले, अनेक तरुणांचे प्राण गेले. त्या वर्षी मार्च महिन्यात लक्ष्मण यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. तेलंगण वेगळे झाल्यावाचून पुन्हा मंत्री होणार नाही, हा त्यांचा निश्चय होता.

राजीनामे अनेकांनी दिले. 1971 च्या लोकसभा निवडणुकीत तेलंगण प्रजा समितीने 14 पैकी 10 जागा जिंकल्या. परंतु त्याच वर्षी ती समिती काँग्रेसमध्ये विलीन झाली. तिचे पुढारी चेन्ना रेड्डी 1978 साली त्याच आंध्र प्रदेशाचे मुख्यमंत्री झाले. राजकारणात तडजोड करावी लागते, म्हणून त्यांना सरसकट दोष देणे उचित नव्हे. तथापि या पार्श्वभूमीवर बापूजींचे वेगळेपण उठून दिसते. 1972 मध्ये ते भुवनगिरीहून पुन्हा आमदार झाले, परंतु मंत्रिपद मात्र त्यांनी कधीच स्वीकारले नाही.

2001 मध्ये तेलंगणाच्या मागणीसाठी नवा पक्ष उभा राहिला, तेव्हा हुसेनसागराकाठच्या आपल्या ‘जलदृश्यम’ या वास्तूत त्यांनी त्याला जागा दिली. पुढल्याच वर्षी सरकारने ती वास्तू पाडली. त्यांनी चळवळ सोडली नाही. नव्वदी उलटल्यावरही ते आंदोलनात जाऊन बसत. 21 सप्टेंबर 2012 रोजी, सत्त्याण्णवाव्या वाढदिवसाला सहा दिवस उरले असता, त्यांचे निधन झाले. 2 जून 2014 रोजी तेलंगण राज्य अस्तित्वात आले. त्यांनी ज्याची वाट पाहिली, ते पाहण्यास ते नव्हते. राज्याच्या उद्यानविद्या विद्यापीठाला आज त्यांचे नाव आहे.

लहान प्रदेश मोठ्यात मिसळतो, किंवा अल्पसंख्य भाषक दुसऱ्यांच्या राज्यात राहतो, तेव्हा दिलेल्या शब्दावाचून त्याच्यापाशी दुसरे बळ नसते. पैनगंगेकाठच्या मराठी माणसाला हे निराळे सांगावयास नको. शब्द देणारे पुष्कळ असतात. तो मोडला असता स्वतःची खुर्ची सोडणारे थोडे, आणि ती त्रेचाळीस वर्षे रिकामीच ठेवणारा एखादाच. वांकिडीच्या विणकर समाजातील या पुत्राने सार्वजनिक जीवनाचे हे माप सीमेच्या अलीकडे आणि पलीकडे, दोहोंकडे घालून दिले आहे.