हेनी पोर्टनचा नकार

मूकपट म्हटले की आपल्याला दादासाहेब फाळके आठवतात, नाहीतर चार्ली चॅप्लिन. मात्र शंभर वर्षांपूर्वीच्या जर्मन माणसाला विचारले असते, तर त्याने हेनी पोर्टनचे नाव घेतले असते. मंडळी, आज तिच्याविषयी थोडेसे.

हेनीचा जन्म १८९० सालचा, माग्डेबुर्गचा. वडील ऑपेरात गाणारे. १९०६ मध्ये ती ऑस्कर मेस्टर या निर्मात्याच्या छोट्या फितींत दिसू लागली. इकडे ग्रामोफोनवर तबकडी वाजायची आणि तिकडे पडद्यावर नट ओठ हलवायचे. आपल्या पार्श्वगायनाचा पणजोबाच म्हणा ना! मूकपटाच्या राणीची सुरुवात अशी गाण्यांवर झाली, हे गमतीचेच. पुढे थोरली बहीण रोझा कथा लिहू लागली आणि हेनी जर्मनीची पहिली मोठी चित्रतारका झाली.

पहिला नवरा, दिग्दर्शक कुर्ट श्टार्क, १९१६ साली महायुद्धात मारला गेला. तिने काम थांबवले नाही. १९२० साली एर्न्स्ट लुबिचच्या 'आना बोलीन'मध्ये ती शिरच्छेद झालेली इंग्लंडची राणी झाली. त्याच वर्षी त्याच्याच एका विनोदी चित्रपटात तिने दोन बहिणी रंगवल्या, एक गोड आणि एक फटकळ.

१९२१ साली तिने विल्हेल्म फॉन काउफमान या डॉक्टरशी लग्न केले. तो ज्यू वंशाचा होता. १९३३ साली हिटलर सत्तेवर आला आणि हेच लग्न तिच्या आड आले. घटस्फोट घे, असा दबाव आला. तिने साफ नकार दिला. भूमिका आटत गेल्या, देश सोडायची परवानगीही मिळाली नाही. ज्या कार्ल फ्रोएलिशबरोबर तिने १९२४ साली निर्मितिसंस्था काढली होती, तो १९३९ साली नाझींच्या चित्रपट मंडळाचा अध्यक्ष झाला!

तिचा नकार नुसता मानापमानाचा नव्हता. बायको ज्यू नसेल तर ज्यू नवऱ्याची छळछावणीत रवानगी सहसा टळत असे, पण लग्न टिकले तरच. म्हणजे तिची एक सही नवऱ्याच्या जिवावर बेतली असती. १९४४ साली बॉम्बहल्ल्यात घर गेले, तरी दोघे एकत्रच राहिले.

युद्धानंतर पश्चिम जर्मनीत तिला फारसे काम मिळाले नाही. १९५४-५५ मध्ये पूर्व जर्मनीच्या सरकारी स्टुडिओत दोन चित्रपट केले, तेवढेच. १९६० साली ती बर्लिनमध्ये वारली.

चित्रपटाच्या इतिहासात हेनीचे नाव सर्वांत आधी आलेली तारका म्हणून येते, ते योग्यच. मला मात्र तिची सर्वांत मोठी भूमिका पडद्याबाहेरची वाटते. ती बघायला प्रेक्षक नव्हते आणि तिचा मोबदला म्हणून कामच गेले. असो. सवड झाली तर 'आना बोलीन' जरूर बघा आणि कसा वाटला ते कळवा.