झीलकरी

झीलकरी म्हणजे पोवाडा, तमाशा, भारूड इत्यादी मराठी लोकगायनप्रकारांत मुख्य गायकाच्या मागे उभे राहून त्याला साथ देणारा गायक होय. शाहिराच्या ओळीचा शेवट उचलणे, तो स्वर उंच पट्टीत लांबवणे आणि पुढची ओळ सुरू होईपर्यंत सूर खाली पडू न देणे हे त्याचे प्रमुख कार्य. अशा लांबवलेल्या स्वराला ‘झील’ म्हणतात. तमाशात हेच काम करणाऱ्यास ‘सुरत्या’, तर वारकरी कीर्तनात ‘ध्रुपद्या’ किंवा ‘टाळकरी’ असे म्हटले जाते. चित्रपट व ध्वनिमुद्रणाच्या क्षेत्रातील कोरस गायक हा झीलकऱ्याचा आधुनिक भाऊबंद मानता येईल. पाश्चात्त्य संगीतात ज्यांना ‘बॅकिंग व्होकलिस्ट’ व ‘सेशन सिंगर’ म्हणतात, त्यांचे काम बहुतांशी याच जातीचे आहे.

शब्द आणि वाक्प्रचार

‘झील धरणे’ आणि ‘झील ओढणे’ हे दोन्ही प्रयोग मराठीत रूढ आहेत. मालवणी बोलीतील ‘झील’ म्हणजे मुलगा आणि हिंदीतील ‘झील’ म्हणजे तलाव. या दोन्ही शब्दांशी प्रस्तुत शब्दाचा अर्थाने काही संबंध नाही.

‘एखाद्याची री ओढणे’ हा वाक्प्रचारही या गायनरीतीशी जोडला जातो. साथीदाराने मुख्य गायकाच्या ओळीचे शेवटचे अक्षर ओढायचे, यावरून स्वतःची बुद्धी न वापरता दुसऱ्याच्या मताला दुजोरा देणे असा त्याचा लाक्षणिक अर्थ झाला. झीलकऱ्यावर भाषेने केलेला हा अन्यायच म्हटला पाहिजे. री ओढणारा माणूस बिनडोक असून चालत नाही, हे एकदा तरी उत्तम पोवाडा समोर बसून ऐकलेल्या श्रोत्यास सांगावे लागत नाही.

कार्य

पोवाडा हा कथनप्रधान गायनप्रकार आहे. तो मैदानात, जत्रेत किंवा चावडीपुढे, दीर्घकाळ एकाच आवेशात म्हटला जाई आणि ध्वनिक्षेपक येईपर्यंत तो शेवटच्या माणसापर्यंत पोहोचवण्याचे साधन म्हणजे केवळ गळा होता. अशा गायनात शाहिराला श्वास घेण्यास जागा लागते. ओळ संपता संपता झीलकरी तिचा अंत्य स्वर उचलतात आणि तेवढ्या अवकाशात शाहीर दम घेतो, पुढचा प्रसंग मनात जुळवतो, डफावर थाप देतो. चौकाच्या अखेरीस येणारा ‘जी जी’चा घोष हाही झीलकऱ्यांचाच. त्याला शब्दार्थ नसला तरी काम आहे. कथेचा एक टप्पा संपला, हे श्रोत्याला त्यावरून कळते आणि रेंगाळलेला आवेश पुन्हा चढतो.

झील वेळेआधी उचलली तर शाहिराचा शेवटचा शब्द झाकला जातो व कथेचा धागा श्रोत्याच्या हातून सुटतो. उशीर झाला तर मध्ये पोकळी पडते. म्हणून झीलकऱ्याला संपूर्ण पोवाडा मुखोद्गत असावा लागतो आणि शाहीर कोणत्या जागी रेंगाळणार, कोणत्या जागी झपाट्याने पुढे जाणार याचा अंदाजही लागतो. पुष्कळदा तुणतुणे त्याच्याच हातात असते. या एकतारी वाद्याचा अखंड स्वर आणि झीलकऱ्याचा गळा मिळून जी बैठक तयार होते, तिच्यावर शाहिराचे गायन उभे राहते. काही फडांत झांज किंवा मंजिरीही तोच वाजवतो.

गद्य निवेदनाच्या वेळी झीलकऱ्याची भूमिका बदलते. तो हुंकार देतो, ‘मग काय झालं?’ असे विचारतो, कधी मुद्दाम खुळी शंका काढतो. हे प्रश्न श्रोत्यांच्या वतीने विचारलेले असतात. गोंधळातही मुख्य गोंधळी आणि त्याचा साथीदार यांच्यात असाच संवाद चालतो. पोवाडा व गोंधळ यांचे नाते सांगताना अभ्यासक या साम्याकडेही बोट दाखवतात.

या कलेचे शिक्षण ऐकून व सोबत राहून होते. फडात नव्याने आलेल्या मुलास प्रथम झीलेत उभे करण्याची रीत जुनी आहे. सूर टिकू लागला, पाठांतर झाले, की मग डफ आणि त्यानंतर कधीतरी मुख्य गायन. तथापि झील ही केवळ उमेदवारी नव्हे. आयुष्यभर झीलकरी म्हणूनच राहिलेले कलावंत पुष्कळ आणि चांगला झीलकरी गमावणे हे फडाला शाहीर आजारी पडण्याइतकेच महागात पडते.

कीर्तन परंपरेतील साथ

वारकरी कीर्तनात कीर्तनकाराच्या मागे टाळकऱ्यांची रांग असते. अभंगाचे ध्रुपद धरणे, चरण झेलणे आणि निरूपण संपताच गायन पुन्हा उचलणे हे त्यांचे काम. संत तुकारामांच्या चौदा टाळकऱ्यांची नावे वारकरी परंपरा सांगते. त्यांत कडूसचे गंगाराम मवाळ आणि चाकणचे संताजी जगनाडे हे विशेष प्रसिद्ध आहेत. या दोघांनी तुकारामांचे अभंग लिहून ठेवले, असे परंपरा मानते. संताजींच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वहीचा आधार घेऊन विनायक लक्ष्मण भावे यांनी १९१९-२० च्या सुमारास तुकारामांचा गाथा प्रसिद्ध केला. मागे उभे राहून रोज तेच चरण म्हणणाऱ्यास ते अचूक पाठ असावेत हे स्वाभाविकच आहे. तुकारामांची वाणी पुढच्या पिढ्यांस मिळाली, तिच्या वाटेवर साथ करणारे उभे आहेत.

शाहिरी आणि तमाशा

अज्ञानदासाने रचलेला अफजलखानवधाचा पोवाडा हा उपलब्ध पोवाड्यांतील सर्वांत जुन्यांपैकी एक. वधाची घटना १६५९ सालची. रचनाकाराचे नाव मुद्रिकेत राहिले, मात्र त्याच्यामागे झील कोणी धरली हे कोठेही नोंदलेले नाही. पुढील दोन शतकांच्या शाहिरीबाबतही बहुधा हीच स्थिती आहे.

याला पेशवाईच्या उत्तरकाळातील काही फड अपवाद ठरतात. होनाजी बाळा हे एका व्यक्तीचे नाव आहे असा अनेक विद्यार्थ्यांचा समज असतो. वस्तुतः ती जोडी आहे. होनाजी शिलारखाने हा रचनाकार, तर बाळा करंजकर हा गळ्याचा धनी. गाणाऱ्या जोडीदाराचे नाव कवीच्या नावाला कायमचे चिकटले, अशी ही दुर्मीळ गोष्ट आहे. सगनभाऊ यांच्या फडाच्या संदर्भात रामा गोंधळी याचे, तर प्रभाकराच्या मुद्रिकांत गंगू हैबती हे नाव येते. होनाजीच्या जीवनावरील व्ही. शांताराम यांचा ‘अमर भूपाळी’ हा चित्रपट १९५१ साली आला. त्याचा नायक अर्थातच होनाजी आहे.

पोवाडे छापले जाऊ लागल्यावर साथीदार आणखी मागे पडला. हॅरी ॲकवर्थ व शंकर तुकाराम शाळिग्राम यांचा पोवाडेसंग्रह १८९१ मध्ये, तर यशवंत नरसिंह केळकर यांच्या ‘ऐतिहासिक पोवाडे’चा पहिला भाग १९२८ मध्ये निघाला. या संग्राहकांचे ऋण मोठे आहे. छापील पानावर मात्र मुद्रिका उतरते, झील उतरत नाही. पोवाडा कवितेसारखा वाचण्याची सवय त्यातून लागली, आणि पाठ्यपुस्तकातील पोवाडा मुलांना सपाट वाटतो याचे एक कारण तेही असावे.

तमाशात गण, गौळण, लावणी आणि वग या सर्व अंगांना सुरत्यांची साथ लागते. ढोलकी व हलगी ठेका देतात आणि सुरत्या तुणतुण्यासह स्वर धरून ठेवतो. विसाव्या शतकात सत्यशोधक जलसे, आंबेडकरी जलसे आणि अण्णा भाऊ साठे, अमर शेख व द. ना. गव्हाणकर यांचे १९४४ मध्ये स्थापन झालेले लाल बावटा कलापथक यांनी याच साथीला नवा अर्थ दिला. मागून उठणारा समूहस्वर आता लोकांचा आवाज म्हणून ऐकू येऊ लागला. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतील शाहिरी सभा या समूहस्वरावाचून कल्पिता येत नाहीत.

वऱ्हाड आणि वाशीम जिल्हा

अकोला जिल्ह्याचे विभाजन होऊन १ जुलै १९९८ रोजी अस्तित्वात आलेल्या वाशीम जिल्ह्यात साथगायनाच्या निरनिराळ्या रीती शेजारी शेजारी आढळतात. वऱ्हाडात डहाका नावाचा विधिगायनाचा प्रकार आहे. डमरूच्या घाटाच्या ‘डहाक’ या वाद्यावर मुख्य गायक कथा लावतो आणि साथीदार ओळी झेलतात. तो विधीचा भाग असल्याने येथे साथीदारांचा सूर तुटणे केवळ गायनातील उणीव ठरत नाही.

राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांच्या (१९०९–१९६८) खंजिरी भजनाने वऱ्हाडातील गावोगावच्या भजनाला वळण लावले. गुरुदेव सेवा मंडळाच्या भजनात एकजण खंजिरीवर ओळ सांगतो व मंडळी ती परत म्हणतात. येथे मागे म्हणणारे आणि श्रोते यांतील सीमा पुसट असते. बसलेला कोणीही म्हणू लागतो. बाबासाहेबांवरील गीते गाणाऱ्या गायन पार्ट्यांत मात्र कोरस ठरलेला असतो. कव्वालीच्या धाटणीने तो मुखडा उचलतो, टाळ्यांनी लय वाढवतो आणि मुख्य गायकाला अंतरा रंगवण्यास मोकळे सोडतो. वामनदादा कर्डक (१९२२–२००४) यांची गीते विदर्भात अशा पार्ट्यांच्या गळ्यांतून घरोघर गेली.

मानोरा तालुक्यातील पोहरादेवी हे बंजारा समाजाचे श्रद्धास्थान. होळीच्या काळात बंजारा तांड्यांवर ‘लेंगी’ गायली जाते. एकाने ओळ टाकायची व गोलातल्या इतरांनी ती उचलायची, अशी तिची रीत. पोवाड्यातील झील अंत्य स्वरापुरती असते, तर लेंगीत समूह पुरी ओळ घेतो. त्यामुळे या गायनप्रकाराला एकट्याने म्हणून दाखवल्यास निम्मे अंग उरत नाही. लोकगीतांचे संकलन करणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.

ध्वनिमुद्रण, चित्रपट आणि रंगभूमी

ग्रामोफोनच्या तबकड्यांवर मुख्य गायकाच्या नावापुढे ‘आणि पार्टी’, ‘व साथीदार’ किंवा ‘व समूह’ असे छापण्याची पद्धत होती. अनेक झीलकऱ्यांची एकमेव लिखित नोंद ती एवढीच. राजा बढे यांनी लिहिलेले, श्रीनिवास खळे यांनी स्वरबद्ध केलेले आणि शाहीर साबळे (१९२३–२०१५) यांनी गायलेले गीत १९ फेब्रुवारी २०२३ पासून महाराष्ट्राचे राज्यगीत झाले. गीतकार, संगीतकार व गायक यांची नावे शाळकरी मुलांनाही ठाऊक असतात, पण समूहस्वराची नाही. साबळे यांच्या ‘महाराष्ट्र लोकधारा’ या कार्यक्रमाच्या संचात मात्र पुढे स्वतंत्र कीर्ती मिळवणारे अनेक कलावंत घडले. भरत जाधव, अंकुश चौधरी आणि केदार शिंदे हे त्यांपैकी होत.

हिंदी चित्रपटसृष्टीने मुंबईत साथगायनाला रोजच्या मेहनतान्याचा व्यवसाय बनवले. कोरससाठी गायक बोलावले जात व ध्वनिमुद्रण संपले की काम संपे. पद्मिनी आणि शिवांगी या कोल्हापुरे भगिनींनी बालपणी ‘यादों की बारात’ (१९७३) या चित्रपटासाठी कोरसमध्ये गायन केले होते.

याच व्यवसायाची दुसरी शाखा म्हणजे डबिंग गायन. नामवंत गायिका उपलब्ध नसल्यास चित्रीकरणापुरते गाणे दुसऱ्या गळ्यातून मुद्रित करीत आणि नंतर मूळ गायिका ते पुन्हा गाई. पहिला आवाज पुसला जाणार, हे गृहीतच असे. कविता कृष्णमूर्ती यांची आरंभीची वर्षे लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांच्याकडे अशा कामात गेली. ‘प्यार झुकता नहीं’ (१९८५) मधील लता मंगेशकर यांच्यासाठी मुद्रित केलेले गाणे संगीतकारांनी तसेच ठेवले आणि ‘मिस्टर इंडिया’ (१९८७) मधील आशा भोसले यांच्यासाठी गायलेले गाणेही कवितांच्याच आवाजात राहिले. पुढे १९९५ ते १९९७ अशी सलग तीन वर्षे त्यांना फिल्मफेअर पुरस्कार लाभला. हे उदाहरण नेहमी दिले जाते. परंतु ज्यांचे आवाज ठरल्याप्रमाणे पुसले गेले, त्यांची गणना कोणी केलेली नाही.

रंगभूमीवर समूहगायकाला मध्यभागी आणण्याचे श्रेय विजय तेंडुलकर यांच्या ‘घाशीराम कोतवाल’ या नाटकाकडे जाते. १६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात पहिला प्रयोग झालेल्या या नाटकात गाणाऱ्या ब्राह्मणांची रांग हीच पडदा, भिंत आणि पुणे शहर होते. दिग्दर्शन जब्बार पटेल यांचे, संगीत भास्कर चंदावरकर यांचे. या नाटकाशी संबंधित रवींद्र साठे व चंद्रकांत काळे हे पुढे गायक म्हणून मान्यता पावले. ‘जैत रे जैत’ (१९७७) या चित्रपटातील हृदयनाथ मंगेशकर यांच्या रचनांतही दोघांचे स्वर आहेत.

नाव आणि हक्क

भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात सादरकर्त्या कलावंताच्या हक्कांना १९९४ च्या दुरुस्तीने प्रथम स्थान मिळाले. २०१२ च्या दुरुस्तीने सादरीकरणाच्या व्यापारी वापरापोटी स्वामित्वधनाची आणि सादरकर्ता म्हणून ओळखले जाण्याच्या नैतिक हक्काची तरतूद केली. तिच्यासोबत एक अपवादही आला. चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक किंवा आनुषंगिक स्वरूपाचे आहे आणि ज्याचे नाव श्रेयनामावलीत दिलेले नाही, त्यास सादरकर्ता समजले जात नाही. आपल्या सादरीकरणाची मोडतोड होऊ न देण्याचा हक्क तेवढा त्याच्याकडे राहतो. श्रेयनामावलीतील एका ओळीला त्यामुळे केवळ मानाचे नव्हे, तर पैशाचेही मोल आले. सादरकर्त्याच्या हक्काची मुदत सादरीकरणानंतर पन्नास वर्षे आहे. गावातल्या मंडळाचा पोवाडा भ्रमणध्वनीवर मुद्रित होऊन सर्वदूर पसरतो, तेव्हाही शीर्षकात बहुधा शाहिराचेच नाव असते.